विभागीय चौकशी लागली म्हणजे पदोन्नती गेली का?

सरकारी कार्यालयात एखाद्यावर डीई, म्हणजे विभागीय चौकशी, लागल्याची बातमी आली की मागोमाग दुसरं वाक्य येतं: 'झालं, आता याचं प्रमोशन गेलं.' सांगणारा खात्रीने सांगतो, ऐकणारा मान हलवतो, आणि ज्याच्यावर चौकशी लागली आहे तोही बहुतेक वेळा हेच धरून चालतो. मग तो अर्ज करत नाही, पदोन्नती समितीची बैठक कधी झाली हे विचारत नाही, आपल्या नावाचं काय ठरलं याचा पाठपुरावा करत नाही. या गप्प बसण्याने त्याचं जेवढं नुकसान होतं, तेवढं अनेकदा मूळ आरोपानेही झालं नसतं.

कायद्याच्या दृष्टीने विभागीय चौकशी पदोन्नती हिरावून घेत नाही, निर्णय थांबवून ठेवते. तो केव्हापासून थांबवता येतो, किती काळ थांबवता येतो आणि शेवटी काय होतं, याची उत्तरं तारखांमध्ये असतात. म्हणून या विषयात आधी तारखा बघायच्या, आरोप नंतर.

पुढचं विवेचन मुख्यतः महाराष्ट्र शासनाच्या कर्मचाऱ्यांना धरून केलं आहे. त्यांना महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ लागू होतात. केंद्राच्या कर्मचाऱ्यांसाठी १९६५ चे नियम आहेत, जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांसाठी १९६४ चे वेगळे नियम आहेत, बँकांचे आपापले आहेत. तपशील बदलतो. पण पदोन्नतीबाबतची मूळ तत्त्वं सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांतून आलेली असल्याने ती सगळीकडे जवळपास सारखीच आहेत.

समजायला सोपं जावं म्हणून एक कल्पित उदाहरण घेऊ. एक मंडळ अधिकारी आहेत. ज्येष्ठता सूचीत नाव वर आलं आहे, पुढची पायरी नायब तहसीलदाराची. मार्चमध्ये त्यांनी प्रमाणित केलेल्या एका फेरफार नोंदीबद्दल तक्रार झाली. जूनमध्ये त्यांच्याकडून खुलासा मागवला गेला. ऑगस्टमध्ये विभागीय पदोन्नती समितीची बैठक झाली. ऑक्टोबरमध्ये त्यांना दोषारोपपत्र मिळालं. या चार महिन्यांची नावं लक्षात ठेवा.

हक्क नेमका कशाचा

पदोन्नती मिळणं हा कोणाचाच हक्क नाही. हक्क आहे तो पदोन्नतीसाठी आपला विचार होण्याचा. राज्यघटनेच्या सोळाव्या अनुच्छेदातल्या समान संधीचा तो भाग आहे, आणि १९९९ च्या अजित सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्याला मूलभूत हक्काचा दर्जा दिला. म्हणजे समितीपुढे नाव गेलं, गुणवत्ता तपासली गेली आणि समितीने 'अपात्र' ठरवलं, तर तो निर्णय न पटण्यासारखा असू शकेल, पण विचार झाला. नाव समितीपुढे ठेवलंच नाही, तर मात्र हक्काचा भंग झाला. चौकशी चालू आहे म्हणून नावच यादीतून वगळलं, असं अजूनही घडतं. ते चूक आहे. चौकशी चालू असलेल्याचं नावही समितीपुढे जायलाच हवं.

१९७९ च्या नियमांत पदोन्नती रोखणं ही एक स्वतंत्र शिक्षा म्हणूनही दिलेली आहे. तिच्यात आणि समितीने विचार करून नाकारण्यात फरक आहे. गुणवत्तेवर विचार होऊन पदोन्नती मिळाली नाही, तर ती शिक्षा धरली जात नाही. शिक्षा म्हणून रोखायची असेल, तर नियमाप्रमाणे कार्यवाही करून तसा आदेश काढावा लागतो. तोंडी 'तुमचं यावेळी होणार नाही' याला काहीही अर्थ नाही.

चौकशी सुरू झाली असं केव्हा म्हणायचं

सगळं गाडं इथे अडतं. तक्रार आली, निनावी पत्र आलं, वरिष्ठांनी प्राथमिक चौकशी लावली, कारणे दाखवा नोटीस निघाली, दक्षता पथकाने कागद नेले: कार्यालयातल्या बोलण्यात या सगळ्याला 'चौकशी' म्हणतात. पदोन्नतीच्या कायद्यात यातलं एकही पुरेसं नाही.

याचा आधार म्हणजे युनियन ऑफ इंडिया विरुद्ध के. व्ही. जानकीरामन हा सर्वोच्च न्यायालयाचा ऑगस्ट १९९१ चा निकाल. तो लिहिला न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी, जे मुंबई उच्च न्यायालयातून तिथे गेले होते. आज तीन दशकं उलटून गेली तरी या विषयावरचा जवळपास प्रत्येक वाद याच निकालापाशी येऊन थांबतो. निकालाचा गाभा असा: विभागीय चौकशीत दोषारोपपत्र निघालं किंवा फौजदारी खटल्यात न्यायालयात आरोपपत्र दाखल झालं, की मगच कार्यवाही प्रलंबित आहे असं म्हणता येतं. प्राथमिक चौकशी सुरू आहे, पुरावे गोळा होत आहेत, आरोप फार गंभीर आहेत, ही कारणं पदोन्नती थांबवायला पुरत नाहीत. आरोप इतके गंभीर असतील तर निलंबित करण्याचा अधिकार प्रशासनाकडे आहे, तो वापरावा, असं न्यायालयाने स्पष्ट म्हटलं. पुढे २००७ मध्ये कोल इंडियाच्या एका प्रकरणातही हेच सांगितलं गेलं: केवळ दक्षता चौकशी चालू आहे म्हणून पदोन्नती अडवता येत नाही.

या निकालानंतर केंद्राने १४ सप्टेंबर १९९२ रोजी सविस्तर आदेश काढला. त्यात पदोन्नतीचा निर्णय राखून ठेवण्याचे तीनच प्रसंग दिले: कर्मचारी निलंबित असणं, दोषारोपपत्र देऊन विभागीय कार्यवाही प्रलंबित असणं, फौजदारी खटला प्रलंबित असणं. महाराष्ट्राच्या सामान्य प्रशासन विभागाचा १५ डिसेंबर २०१७ चा शासन निर्णयही याच वाटेने जातो. आपल्या राज्यात हा विषय चालवायचा असेल तर हा शासन निर्णय हाताशी हवाच.

आता आपल्या मंडळ अधिकाऱ्यांकडे वळू. ऑगस्टमध्ये समिती बसली तेव्हा त्यांच्याविरुद्ध काय होतं? एक तक्रार आणि एक खुलासा. दोषारोपपत्र नव्हतं, निलंबन नव्हतं, खटला नव्हता. म्हणजे त्या दिवशी समितीने त्यांचा विचार इतर सगळ्यांसारखाच करायला हवा होता.

मात्र एक खाच आहे आणि ती अनेकांना माहीत नसते. समजा समितीने ऑगस्टमध्ये त्यांना पात्र ठरवलं, पण पदोन्नतीचे आदेश निघायला नोव्हेंबर उजाडला. मधल्या ऑक्टोबरमध्ये दोषारोपपत्र आलं. अशा वेळी, प्रत्यक्ष पदोन्नती मिळण्याआधीच वरच्या तीनपैकी एक प्रसंग उद्भवला म्हणून त्यांचा निर्णयही राखून ठेवला जातो. १९९२ च्या आदेशात तशी स्पष्ट तरतूद आहे. समितीत नाव पास झालं म्हणून निश्चिंत राहता येत नाही. आदेश हाती येऊन नव्या पदावर हजर होईपर्यंत धोका राहतो.

दुसरी खाच दोषारोपपत्र टाळण्याची. काही जण आजारपणाची रजा टाकतात, घरी आलेला लिफाफा परत पाठवतात, कागद हातात घेतला नाही तर चौकशी सुरूच झाली नाही अशा समजुतीत राहतात. १९९३ मध्ये दिल्ली विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हा मार्ग बंद केला. दोषारोपपत्र तयार होऊन कर्मचाऱ्याकडे रवाना झालं की ते निघालं असं धरायचं. टाळाटाळीने फायदा शून्य, उलट विलंब कर्मचाऱ्यामुळे झाला अशी नोंद फाइलवर राहते. ती नोंद पुढे फार महागात पडते.

लाचलुचपतीच्या सापळ्याचं गणित वेगळं. सापळ्यात अटक होऊन कोठडी अठ्ठेचाळीस तासांहून जास्त झाली की नियमानेच निलंबन झालं असं मानलं जातं. त्यामुळे तिथे दोषारोपपत्राची वाट बघावी लागत नाही, निलंबनाच्या दिवसापासूनच निर्णय थांबतो.

मोहोरबंद पाकीट

निर्णय राखून ठेवायचा म्हणजे काय करायचं, याची पद्धत ठरलेली आहे. समितीने त्या कर्मचाऱ्याचे गोपनीय अहवाल (कामाचं वार्षिक मूल्यमापन), सेवेचा इतिहास, बाकीच्या अटी हे सगळं नेहमीसारखं तपासायचं. चालू चौकशी जणू नाहीच असं समजून ठरवायचं: हा पदोन्नतीला पात्र आहे की नाही. तो निष्कर्ष कागदावर लिहून पाकिटात घालायचा, पाकीट मोहोरबंद करायचं, आणि कार्यवृत्तात फक्त 'निष्कर्ष मोहोरबंद पाकिटात ठेवला आहे' एवढंच लिहायचं. पुढच्या वर्षी समिती बसली आणि चौकशी अजून चालूच असली, तर पुन्हा हेच करायचं. अशी दोन-दोन, चार-चार पाकिटं एकाच माणसाच्या नावावर जमा होतात.

मला ही पद्धत मुळात न्याय्य वाटते. तिच्यात दोन्ही बाजूंची काळजी घेतली आहे. ज्याच्यावर पैसे खाल्ल्याचा आरोप आहे त्याला खटला चालू असताना वरच्या खुर्चीत बसवणं, त्याच्याविरुद्ध तक्रार करण्याची हिंमत दाखवलेल्या नागरिकावर अन्याय करणारं आहे. आणि ज्याच्यावर खोटा आरोप झाला आहे त्याची त्या वर्षीची पात्रता त्याच वर्षी लिहून ठेवल्यामुळे नंतर कोणाला ती बदलता येत नाही. पाच वर्षांनी तो सुटला, तर पाच वर्षांपूर्वीच्या समितीचं मत जसंच्या तसं उपलब्ध असतं. नंतर आलेला, त्याच्यावर नाराज असलेला अधिकारी त्यात हात घालू शकत नाही.

पद्धत बिघडते ती दोन ठिकाणी. एक, पाकिटात काही घालण्याऐवजी 'चौकशी चालू असल्याने विचार केला नाही' असं लिहून समिती मोकळी होते. मग सुटका झाल्यावर उघडायला पाकीटच नसतं. दुसरं, पाकीट बंद झालं की फाइलही बंद झाल्यासारखी पडून राहते.

पाकीट उघडल्यावर

चौकशी संपली आणि कर्मचारी सर्व आरोपांतून दोषमुक्त झाला, तर पाकीट उघडायचं. आत 'पात्र' असेल, तर त्याच्या लगतच्या कनिष्ठाला ज्या दिवशी पदोन्नती मिळाली तो दिवस त्याचा मानीव दिनांक, म्हणजे त्याला पदोन्नती मिळाली असं मानायचा दिवस. ज्येष्ठता त्या दिवसापासून, वेतननिश्चिती त्या दिवसापासून. दरम्यान कनिष्ठ कितीही पुढे गेले असले तरी हा आपल्या मूळ जागी येतो. जागा रिकामी नसेल, तर सर्वात कनिष्ठ असलेल्या, तात्पुरत्या पदोन्नतीवरच्या माणसाला खाली यावं लागू शकतं.

थकबाकीचा प्रश्न मात्र दरवेळी पेटतो. कार्यालय म्हणतं, त्या पदाचं काम केलं नाही, मग पगार कसला? जानकीरामन निकालाने याचं उत्तर दिलं आहे. काम करायला तयार असलेल्या माणसाला त्याचा काही दोष नसताना प्रशासनानेच दूर ठेवलं असेल, तर 'काम नाही तर वेतन नाही' हे तत्त्व त्याला लावता येत नाही. त्याच वेळी न्यायालयाने प्रशासनाला थोडा वावही ठेवला: चौकशी कर्मचाऱ्यामुळेच लांबली असेल, किंवा पुरावा मिळू न देण्याला तो कारणीभूत असेल, किंवा फौजदारी खटल्यात केवळ संशयाचा फायदा मिळून तो सुटला असेल, तर थकबाकी द्यायची की नाही आणि किती, हे नियुक्ती प्राधिकारी ठरवू शकतो. नाकारायची असेल तर कारणं लिहावी लागतात. एका ओळीत 'अनुज्ञेय नाही' असा शेरा मारलेला आदेश प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे सरकारी सेवेतले वाद ऐकणाऱ्या न्यायपीठात, टिकणं कठीण असतं.

बँक ऑफ इंडियाच्या एका कर्मचाऱ्याचं प्रकरण १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात निकाली निघालं. तारखांचं महत्त्व कळायला याहून चांगलं उदाहरण नाही. पदोन्नतीचा हिशेब १ जानेवारी १९८६ चा होता. त्या दिवशी त्यांच्याविरुद्ध फक्त फौजदारी खटला होता आणि त्यात पुढे ते निर्दोष सुटले. विभागीय दोषारोपपत्र आलं थेट ३ डिसेंबर १९९१ रोजी. बँकेने म्हटलं, विभागीय कार्यवाही आहे, म्हणून पदोन्नती नाही. न्यायालयाने विचारात घेतला तो १९८६ चा दिवस. खटल्यातून सुटका झाल्यावर त्या दिवशी आड येणारं काही उरलं नव्हतं. जवळपास सहा वर्षांनंतरचं दोषारोपपत्र मागे जाऊन १९८६ ची पदोन्नती अडवू शकत नाही, असा निकाल झाला.

शिक्षा झाली तर

चौकशीत आरोप सिद्ध होऊन शिक्षा झाली, तर पाकीट उघडून त्यावर कार्यवाही होत नाही. त्या वर्षीची संधी गेली. पुढच्या समितीपुढे नाव नव्याने जातं आणि समिती शिक्षेसह सगळा अभिलेख बघते.

इथे एक युक्तिवाद नेहमी ऐकू येतो: वेतनवाढ रोखून एकदा शिक्षा भोगली, आता पदोन्नतीही नाकारता, म्हणजे एकाच चुकीला दोन शिक्षा. भावना समजण्यासारखी आहे, पण न्यायालयाने हा युक्तिवाद मान्य केलेला नाही. जानकीरामन निकालातच म्हटलं आहे की पदोन्नतीसाठी किमान अपेक्षा निष्कलंक अभिलेखाची असते. ज्याचा अभिलेख स्वच्छ आहे आणि ज्याला शिक्षा झाली आहे, त्या दोघांना एका पंक्तीत बसवणं हाच स्वच्छ माणसावर अन्याय ठरेल. १९९५ मध्ये तामिळनाडूच्या एका प्रकरणातही शिक्षेचा काळ चालू असताना पदोन्नती न देणं ही दुसरी शिक्षा नाही, असं सांगितलं गेलं.

शिक्षा कोणती झाली यावर पुढचं बरंच अवलंबून असतं. १९७९ च्या नियमांत किरकोळ शिक्षा चार: ठपका ठेवणं, पदोन्नती रोखणं, झालेल्या नुकसानीची वेतनातून वसुली, वेतनवाढ रोखणं. जबर शिक्षांमध्ये खालच्या वेतनटप्प्यावर किंवा खालच्या पदावर आणणं, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणं आणि बडतर्फी येते. शेवटच्या तिघांत पदोन्नतीचा प्रश्नच उरत नाही. खालच्या पदावर आणलं, तर ज्येष्ठतेचं काय हे आदेशातच लिहिलेलं असतं आणि ती ओळ पूर्ण आदेशातली सर्वात महत्त्वाची ओळ असते.

वेतनवाढ रोखण्याचा आदेश आला, तर त्यात दोन गोष्टी शोधाव्यात. किती काळासाठी, आणि पुढील वेतनवाढींवर परिणाम होणार की नाही. 'पुढील वेतनवाढींवर परिणाम न होता' असं असेल तर मुदत संपली की पगार मूळ रेषेवर येतो. 'परिणाम होऊन' असेल तर त्या एका वेतनवाढीचं नुकसान निवृत्तीपर्यंत आणि पुढे पेन्शनमध्येही चालत राहतं. पदोन्नतीच्या दृष्टीने मुदत महत्त्वाची, कारण शिक्षा अमलात असेपर्यंत वरचं पद मिळत नाही. ठपका ही सर्वात हलकी शिक्षा. तिला मुदत नसते, त्यामुळे ती अमुक दिवसापर्यंत आडवी येते असं नसतं, पण समिती तिचा विचार करू शकते. ठपक्यावर भागलं म्हणून अपील न करणारे बरेच असतात. मोहोरबंद पाकीट बंद असताना ठपका आला असेल, तर तो निव्वळ शाब्दिक शिक्षा नसतो, हे ध्यानात घेऊन अपिलाचा निर्णय करावा.

खरं नुकसान उशिराने होतं

आरोप सिद्ध झाल्यावर होणाऱ्या नुकसानीबद्दल मला फारसं म्हणायचं नाही. चूक केली, किंमत मोजली. अस्वस्थ करतात ती न संपणारी प्रकरणं. दोषारोपपत्र निघतं, मग चौकशी अधिकारी नेमायला महिने जातात. नेमलेल्या अधिकाऱ्याची बदली होते. प्रशासनाची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी निवृत्त होतो. मूळ कागद लाचलुचपत विभागाकडे किंवा न्यायालयात असतात, आणि छायांकित प्रतींवर चौकशी चालवायची की नाही यावर पत्रव्यवहार सुरू राहतो. साक्षीदार येत नाही, तारीख पुढे जाते. या काळात शिक्षा कोणतीच झालेली नसते, पण माणूस वर्षानुवर्षं त्याच पदावर असतो. त्याने ज्यांना काम शिकवलं ते त्याचे साहेब होतात. शेवटी तो निर्दोष ठरतो तेव्हा पदोन्नतीचा आदेश आणि निवृत्तीचा आदेश जवळपास एकाच वेळी हातात पडतात.

याला आवर घालणारे नियम आहेत. २०१५ च्या प्रेमनाथ बाली प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि अपरिहार्य कारणांनी लांबली तरी एक वर्षाच्या आत संपवावी, असं बजावलं. त्याच वर्षीच्या अजयकुमार चौधरी निकालानुसार तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे चालू ठेवता येत नाही. महाराष्ट्र शासनाने त्यावर ९ जुलै २०१९ रोजी शासन निर्णयही काढला. मुदत उलटली म्हणून चौकशी आपोआप रद्द होते असं नाही. पण विलंबाचं कारण प्रशासनाला सांगावं लागतं आणि न्यायाधिकरण 'इतक्या महिन्यांत संपवा' असा आदेश देऊ शकतं.

यापेक्षाही उपयोगी, पण फार कमी वापरली जाणारी तरतूद म्हणजे तदर्थ, म्हणजे तात्पुरत्या, पदोन्नतीची. केंद्राच्या १९९२ च्या आदेशानुसार राखून ठेवलेल्या प्रकरणांचा दर सहा महिन्यांनी आढावा घ्यायचा असतो. ज्या बैठकीत पहिलं पाकीट बंद झालं तिच्यापासून दोन वर्षं होऊनही चौकशी संपली नसेल आणि कर्मचारी निलंबित नसेल, तर त्याला तदर्थ पदोन्नती द्यायची का, याचा प्राधिकाऱ्याने विचार करायचा असतो. राज्याच्या २०१७ च्या शासन निर्णयातही दोन वर्षांनंतर जाणीवपूर्वक निर्णय घेण्याची तरतूद आहे. विचार करताना पाहायच्या गोष्टी अशा: पदोन्नती देणं जनहिताविरुद्ध ठरेल का, आरोप इतके गंभीर आहेत का की अजूनही थांबवणं योग्य ठरावं, प्रकरण नजीकच्या काळात संपण्याची शक्यता आहे का, विलंबाला कर्मचारी स्वतः जबाबदार नाही ना, आणि वरच्या पदाचा वापर तो चौकशीवर परिणाम करायला करेल का.

वर म्हटलं की टाळाटाळीची नोंद महागात पडते, ती इथे. दोन वर्षांनी आपलं नाव तदर्थ पदोन्नतीसाठी निघतं आणि फाइलवर दिसतं की पाच तारखांपैकी तीन तारखा कर्मचाऱ्यानेच वाढवून घेतल्या. मग प्राधिकाऱ्याला नाही म्हणायला कष्ट पडत नाहीत. उलट, प्रत्येक तारखेला हजर राहून रोजनाम्यावर, म्हणजे त्या दिवशीच्या कामकाजाच्या नोंदीवर, सही केलेली असेल, तर विलंब कोणाचा हे कागदच सांगतात. तदर्थ पदोन्नतीत पुढे दोषी ठरल्यास मूळ पदावर परत यावं लागतं. गुणवत्तेवर निर्दोष ठरल्यास तीच पदोन्नती नियमित धरली जाते.

फौजदारी खटला आणि विभागीय चौकशी दोन्ही असतील, तर खटला संपेपर्यंत चौकशी थांबवावी अशी मागणी कर्मचारी स्वतःहून करतात. १९९९ च्या कॅप्टन एम. पॉल अँथनी निकालाचा आधार घेतला जातो. त्या निकालाने दोन्ही कार्यवाह्या एकाच वेळी चालू शकतात असंच म्हटलं आहे. तथ्यं एकच असतील, आरोप गंभीर असेल आणि कायद्याचे व तथ्यांचे गुंतागुंतीचे प्रश्न असतील, तेवढ्याच वेळी चौकशी थांबवणं इष्ट मानलं आहे. स्थगिती मागण्याआधी विचार करावा. खटला दहा वर्षं चालला, तर पाकीटही दहा वर्षं बंद राहील, आणि ती स्थगिती आपणच मागितलेली असेल.

मागच्या दाराने होणारा परिणाम

चौकशीतून सुटका झाली तरी गोपनीय अहवाल अडवू शकतो. तक्रार झाली त्या वर्षी प्रतवारी एक पायरी खाली येते, कारण मात्र कुठेच लिहिलेलं नसतं. पूर्वी फक्त प्रतिकूल शेरेच कळवले जात. 'चांगला' हा शेरा प्रतिकूल नाही म्हणून कळवत नसत, आणि पदोन्नतीला 'अति उत्तम' लागत असेल तर तोच शेरा माणसाला मागे पाडायचा. २००८ च्या देव दत्त प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक शेरा कळवला पाहिजे असा निकाल दिला आणि २०१३ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने सुखदेव सिंग प्रकरणात तो पक्का केला. दरवर्षीच्या अहवालाची प्रत मिळवून, पटत नसेल तर मुदतीत अभिवेदन देणं हे चौकशीतल्या बचावाइतकंच गरजेचं आहे.

खासगी कंपन्यांत पाकीट वगैरे काही नसतं. तिथे पदोन्नती हा व्यवस्थापनाचा अधिकार मानला जातो आणि अनेक कंपन्यांच्या धोरणातच चौकशी किंवा ताकीदपत्र चालू असताना बढती नाही असं लिहिलेलं असतं. नेमणूकपत्रासोबतचं ते धोरण मागून वाचावं. महाराष्ट्रातल्या कामगारांनी गुणवत्ता डावलून झालेला पक्षपात किंवा सूडबुद्धीची कारवाई १९७१ च्या अनुचित कामगार प्रथाविषयक कायद्याखाली कामगार किंवा औद्योगिक न्यायालयात नेल्याची उदाहरणं आहेत, पण व्यवस्थापकीय पदावरच्या माणसाला ती वाट सहसा मिळत नाही. लैंगिक छळाच्या तक्रारीत मात्र, जिथे वेगळे सेवा नियम नाहीत तिथे, २०१३ च्या नियमांनी पदोन्नती रोखणं ही संभाव्य कारवाई म्हणून स्पष्ट लिहून ठेवली आहे.

हातात काय ठेवायचं

दोषारोपपत्रासोबत चार जोडपत्रं येतात: दोषारोप, त्यांचा तपशील, कागदपत्रांची यादी, साक्षीदारांची यादी. ती मिळाल्या दिवशी लिफाफ्यासकट जपून ठेवा. पाठवल्याची तारीख लिफाफ्यावर असते. त्यानंतर लगेच लेखी विचारा की आपल्या संवर्गाची पदोन्नती समितीची बैठक कोणत्या दिवशी झाली आणि आपल्या नावाबाबत काय नोंद आहे. उत्तर नाही आलं तर माहितीच्या अधिकारात कार्यवृत्त मागा. पाकीट बंद केलेलं नसून विचारच झालेला नसेल, तर ते त्याच वर्षी उघड व्हायला हवं. चौकशी अधिकाऱ्याचा अहवाल प्रतिकूल असेल, तर शिक्षेपूर्वी त्याची प्रत मिळण्याचा हक्क १९९३ च्या करुणाकर निकालाने दिलेला आहे. त्यावरचं निवेदन मन लावून लिहा, कारण शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याचं मन बदलण्याची ती शेवटची जागा असते.

दोन वर्षं भरली की तदर्थ पदोन्नतीसाठी अर्ज द्या, २०१७ च्या शासन निर्णयाचा उल्लेख करून आणि हजेरीचे रोजनामे जोडून. निवृत्ती जवळ आली असेल तर हा अर्ज अजून आधी तयार ठेवा. चौकशी निवृत्तीने संपत नाही. १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम २७ खाली ती पुढे चालते, तोवर तात्पुरतं निवृत्तिवेतन मिळतं आणि उपदान (ग्रॅच्युइटी) अडकून राहतं. निवृत्तीनंतर दोषमुक्ती झाली तरी मानीव दिनांक मागता येतो. त्यावरून वेतन मानीव पद्धतीने निश्चित झालं तर निवृत्तिवेतनही बदलतं. बरेच जण 'आता काय उपयोग' म्हणून हा अर्ज करत नाहीत आणि दर महिन्याची ती रक्कम कायमची सोडून देतात.

अंतिम आदेश विरोधात गेला, तर राज्य कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे, ज्याला सगळे मॅट म्हणतात. त्याची पीठं मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहेत. जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांना तिथे जाता येत नाही, त्यांना उच्च न्यायालय गाठावं लागतं. १९८५ च्या कायद्यानुसार मॅटमध्ये जायची मुदत अंतिम आदेशापासून एक वर्ष आहे. अपील किंवा अभिवेदन करून उत्तरच आलं नसेल, तर सहा महिने वाट बघायची आणि तिथून पुढे एक वर्ष मोजायचं. दर दोन महिन्यांनी स्मरणपत्र पाठवल्याने ही मुदत वाढत नाही.